ओ मिन-ग्यूचं अर्धं पान

नाही नाही, तसं नाही बेटा — मी नाही कुठं म्हणालो? बस आधी. त्या गादीवर नको, तिचा कापूस बाहेर आलाय, ड्रेसला चिकटेल, मग सासरचे म्हणतील नवरी पाड्यावरून आली की पिंजाऱ्याच्या दुकानातून. स्टुलावर बस. हां. तर तुझं म्हणणं काय, की दाऊदकाका, माझं लग्न पुढच्या बुधवारी, पत्रिका वाटून होत आल्या, आणि बाबा अजून आमशाबाबांना पत्रिका द्यायला तयार नाहीत — सख्खा थोरला भाऊ, एकच पाडा, दोन घरांच्या मधे फक्त नाला — आणि बाबा ऐकतात ते तुमचंच, म्हणून तुम्ही सांगा. बरोबर? बरोबर शे. नवल माझं ऐकतो. अख्ख्या तळोद्यात माझं ऐकणारा तो एकटाच, घरात तर तेवढाही कुणी नाही. सांगेन. सांगेन ना! पण आधी ही बापाची रॅकेट आणलीस तिचं गटिंग करून देतो, तारा बसवून, हातात काम असलं की माझं डोकं चालतं. बावीस पौंड ना? नवलला बावीसच लागतं. चोवीस करून दिलं तर रविवारी कोर्टवर शिव्या देतो, वीस केलं तर बोलतच नाही — आणि तो बोलला नाही की मला जास्त लागतं.

कोण, तो? तो फोटो? बरं झालं विचारलंस. सगळे विचारतात. गादी भरायला आलेल्या बायका विचारतात, चाचा, हा तुमचा जावई का? जावई कसला! माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठा शे तो. ओ मिन-ग्यू. कोरियाचा. आडनाव ओ — बस, एवढंच, संपलं. तुझी काकी लग्न होऊन आली, पहिल्याच दिवशी म्हणाली, हा चड्डीतला माणूस कोण? मी म्हटलं, उस्ताद. तिनं उस्तादला उचलून तिकडं वजनकाट्याच्या वर टांगला, तेव्हापासून तिथंच शे. फोटो म्हणजे फोटोही नाही तो, मासिकाचं पान. अर्धं पान. खाली बघ, कुठं तुटलंय ते दिसतं.

तर हा ओ. समुद्राकाठच्या गावचा, बाप मासळी वाळवायचा. बॅडमिंटन खेळायचा, तेही फक्त डबल्स. एकट्यानं उतरला की पहिल्या फेरीत हरून घरी. उंची नाही, स्मॅश नाही, दिसायला असा — बघ ना, आपल्या बाजारात टमाटे विकत उभा केला तर कुणी भाव विचारणार नाही. पण जोडीत? जोडीत काय सांगू तुला! नेटजवळ वाकून उभा राहायचा, मागे त्याचा जोडीदार ह्वांग. ह्वांग उंच, खांदे असे, मारला की समोरचा रॅकेट खाली घालायचा. टाळ्या सगळ्या ह्वांगला. पण फूल, शटल, ह्वांगच्या डोक्यावर बरोबर कुणामुळं यायचं? ओमुळं. तो पुढं असं काहीतरी करायचा, एवढंसं, मनगटानं, की समोरच्याला उचलून द्यावंच लागायचं. केबल नवीन आलेली तेव्हा तळोद्यात. केबलवाल्याच्या ओट्यावर बसून आम्ही दोघं बघायचो — मी आणि तुझा बाप. आणि पहिल्याच मॅचला आम्ही ठरवून टाकलं. नवल ह्वांग. मी ओ. नवलचं जुळत होतं गं, खांदे-बिंदे सगळं. माझी ओशी फक्त उंची जुळली.

हसू नको. बरा खेळायचो मी. म्हणजे — बरा म्हणजे, तुझ्या बापाबरोबर असलो तर बरा. आम्हाला कुणी शिकवलंय? अधिकाऱ्यांच्या वसाहतीमागे सिमेंटचं कोर्ट होतं, संध्याकाळी साहेब लोक खेळायचे. एका साहेबाची रॅकेट तुटली, म्हणजे तार तुटली, आता तळोद्यात कोण बसवणार? कुणीतरी म्हणालं पिंजाऱ्याकडं द्या, त्याच्या पिंजणाला आतड्याची तात असते. अब्बांनी रॅकेट हातात घेतली, उलटी केली, सुलटी केली, म्हणाले ये तो छोटी चारपाई है. आणि बसवली! बोटानं वाजवून बघितली, जशी पिंजणाची तात वाजवायचे तशी. साहेब खूश. तेव्हापासून रॅकेटी आमच्याकडं, आणि त्या पोचवायला मी. आणि नवल तिथंच होता — वसतिगृहातला पोरगा, नेट बांधायचा, कोर्ट झाडायचा. एके दिवशी साहेब तीनच आले. म्हणाले ए नवलसिंग, उभा रहा रे. उभा राहिला. मग दुसऱ्या दिवशी दोनच आले, तर मीपण. पुढं साहेबांना आमच्याशी खेळायचा कंटाळा आला, हरायचा कुणाला कंटाळा येत नाही? मग आम्ही सकाळी सहाला जायचो, त्यांनी टाकून दिलेली फुलं घेऊन — तीन पिसं शाबूत असली तरी खेळायचो. त्या फुलांना हवेत आपण कुठं जातोय तेच माहीत नसायचं, म्हणून आमची नजर तयार झाली. असं मी सांगतो लोकांना. खरं म्हणजे नवलची तयार झाली, मला तो ओरडून सांगायचा.

सांगतो गं, आमशादादाचंच सांगतोय, तिकडंच चाललोय. थोडं धर इकडं — हां, तिथं बोट ठेव, तार सरकते. ही उभी तार झाली की आडवी. आडवीला एक वरून, एक खालून, एक वरून, एक खालून, चुकलं की परत पहिल्यापासून.

तर जिल्हा नवीन झाला. आपण धुळ्यातून निघालो, नंदुरबार वेगळं, सगळं पहिलं — पहिला कलेक्टर, पहिलं हे, पहिलं ते, आणि जिल्ह्याची पहिली बॅडमिंटनची टीम. निवड जानेवारीत, नंदुरबारला. निवडले गेलो तर राज्याच्या स्पर्धेला. आता त्या वेळी अख्ख्या जिल्ह्यात धड डबल्स खेळणाऱ्या जोड्या किती? पाच. त्यात आमच्यासमोर टिकेल अशी एकही नाही. हे मी बढाई नाही मारत, बढाई मारताना माझा आवाज वेगळा असतो, काकीला विचार. पण तुमच्या पाड्यावरची माणसं दिवाळी झाली की गुजरातेत ऊस तोडायला जायची, आणि आमशादादा मुकादम. कोयता म्हणजे दोन माणसं, एक तोडणारा, एक मोळी बांधणारा. तुझी आजी आणि नवल, असा तो एक कोयता. तारीख तोवर आलेली नव्हती. नवल ट्रकवर चढताना मला म्हणाला, दाऊद, तारीख आली की कळव, मी कसाही येतो. म्हटलं कळवतो. मोबाईल कुठं होते? पण आमशादादा महिन्या-दोन महिन्यांनी कमी पडलेली माणसं न्यायला तळोद्यात यायचा. त्याच्याकडं चिठ्ठी द्यायची. ठरलं.

आणि पुढचं तर तुला माहीतच शे. घरी ऐकलंयस. चिठ्ठी मी आमशादादाकडं दिली, त्यानं ती नवलला दिलीच नाही, कारण ऐन हंगामात नवल निघाला तर कोयता मोडतो. मुकादम शेवटी मुकादम. नवलची निवड हुकली. आला तो भावाशी भांडून वेगळा झाला, नाल्याच्या अलीकडं घर बांधलं, आणि पंचवीस वर्षं — हां. तसंच ऐकलंयस ना? तसंच. बरं.

मग मी कुणाबरोबर खेळलो? आता इथून पुढं हसायला हरकत नाही. भूपेश म्हणून एक होता, डॉक्टरसाहेबांचा मुलगा, नाशिकला शिकायचा, सुट्टीत आलेला. त्याची रॅकेट बघितली अन् माझे डोळे फिरले. काळी, हलकी, पिसासारखी — तो ती म्यानातून काढायचा कशी, सारंगखेड्याच्या जत्रेत घोडेवाले झूल काढून घोडं दाखवतात ना, तशी. गटिंग करायला आणली होती. मी वाजवून बघितली, आणि तो म्हणतो, दाऊद, तू नंदुरबारला माझ्याबरोबर का खेळत नाहीस? आमची जीप शे, जाऊन येऊ. मी म्हटलं नाही, मन्हा जोडीदार शे. असं म्हटलं हां मी! दोनदा म्हटलं. मग तो दुसऱ्या दिवशी बूट घेऊन आला. पांढरे, नवे, माझ्या मापाचे. मी तोवर कॅनव्हासवर खेळायचो, अंगठ्याकडून फाटलेल्या.

आणि त्याच दिवशी हे पान. नशीब बघ कसं असतं. रद्दी विकत घेतो आम्ही, तयार उशी गुंडाळून द्यायला, त्यात इंग्रजी मासिकाचं एक पान, त्यावर कोण? ओ मिन-ग्यू! मला इंग्रजी येत नाही, भूपेशला येतं. म्हटलं वाच. त्यानं वाचलं — ओ मिन-ग्यूनं आपल्या जुन्या जोडीदाराला सोडलं असून तो मोठ्या स्पर्धेत नव्या जोडीदाराबरोबर उतरला. मोठ्या खेळाडूला वेळप्रसंगी मन घट्ट करावं लागतं. बस. खाली लिहिलं होतं, उरलेला मजकूर पान अडतीसवर. पान अडतीस कुठं? गेलं असेल भजीवाल्याकडं. भूपेशनं पान खाली ठेवलं आणि माझ्याकडं बघितलं.   उस्ताद सांगतोय म्हटल्यावर चेला कोण लागून गेला?

तर गेलो. जीपमधून गेलो, पुढच्या सीटवर, पायात नवे बूट. आणि काय खेळलो, वा वा! पंधरा-दोन, पंधरा-एक. आम्ही दोन आणि एकवाले. शहाद्याची जोडी होती, त्यातल्या एकाच्या पायाला पट्टी बांधलेली. का हरलो सांगू? फूल मधे यायचं. डबल्समधे मधलं फूल कुणाचं, हा सगळा खेळ. नवल असला तर मी सरळ ओरडायचो, सोड! किंवा तो ओरडायचा, हट! — एकदा तर त्यानं मला ढकलून पाडलं होतं, आणि पॉइंट आमचा. पण भूपेशला हट कसं म्हणू? ज्यानं बूट घेऊन दिले त्याला हट म्हणायचं? मी म्हणायचो, घ्या भूपेशशेठ. तो शिकलेला, सभ्य, तो म्हणायचा, नाही, तू घे दाऊद. घ्या, घे, घ्या, घे — तोवर फूल आमच्या दोघांच्या मधे सिमेंटवर. पंच पण हसायला लागला होता. तेल गेलं, तूप गेलं, हाती धुपाटणं आलं. येताना बूट चावले, ते वेगळंच. भूपेश आता सुरतेला मोठा डॉक्टर शे, चांगला माणूस, भेटला की चहा पाजतो, त्याला तर ती मॅच आठवतही नाही.

मी मात्र सगळ्यांना सांगत सुटलो — अरे, ओ मिन-ग्यूनंही जोडीदार बदलला होता. चोवीस वर्षं सांगितलं. गादी घ्यायला आलेल्याला सांगितलं, उशी घ्यायला आलेल्याला सांगितलं. आणि मागच्या पावसाळ्यात माहेनूर कॉलेजातून घरी आलेली, म्हणाली अब्बा, तुमच्या ओची मुलाखत सापडली. फोनवर. तो म्हातारा झालाय, केस गेले, चष्मा. तो कोरियन बोलतो, खाली हिंदी अक्षरं पळतात. माहेनूर वाचून दाखवते, मी पाहतोय. तर तो काय म्हणतो? म्हणतो मी ह्वांगला कधी सोडलंच नाही. त्यांच्याकडं प्रत्येक पोराला लष्करात जावं लागतं, दोन वर्षं, ह्वांगची पाळी आली. संघवाल्यांनी ओला दुसरा जोडीदार लावून दिला, बळेच. गेला तो मोठ्या स्पर्धेला — दुसऱ्या फेरीत हरला. ते होतं पान अडतीसवर! परत आल्यावर त्यानं संघाला सांगितलं, मला दुसरा नको, मी थांबतो. वर्तमानपत्रवाले म्हणाले तुझी उमेद संपली. हा सुट्टीच्या दिवशी बसनं लष्कराच्या तळावर जायचा, चार तास, दोन रॅकेटी घेऊन, आणि तिथं खाणावळीच्या मागं मोकळ्या जागेत दोघं खेळायचे, नेट नाही, काही नाही. ह्वांग सुटून आला, त्यानंतर दोघं अकरा वर्षं खेळले. अकरा! जिंकले ते सगळं त्यानंतर. मुलाखत घेणारी पोरगी विचारते, दोन वर्षं कशी काढली? तर हा हसतो आणि म्हणतो, मला स्मॅश येत नव्हता, वाट बघता येत होती.

मी पण हसलो. माहेनूर म्हणाली, अब्बा, तुम्ही तर उलटंच सांगत होता सगळ्यांना! मी म्हटलं हो गं, तुझा बाप उंटावरचा शहाणा. खूप हसलो. मग जेवायला बसलो, तर अर्ध्यातून ताट सरकवलं. काकी म्हणाली, काय झालं? म्हटलं काही नाही, मीठ जास्त झालंय. पूर्ण दिवस तिनं मला माफ केलं नाही त्या मिठावरून. पण माझ्या डोळ्यासमोरून जाईना ना — हा एक माणूस चार तास बसमधे बसून जातो, आणि मला काय करायचं होतं? काहीच नाही. कुठं जायचंही नव्हतं. आमशादादा स्वतः इथं आलेला, इथंच बसलेला, तू बसलीस तिथं. बाहेर ट्रक उभा, ड्रायव्हर हॉर्न मारतोय, आणि हा माणूस आत येऊन बसतो, चहा नको म्हणतो, आणि विचारतो, दाऊद, तारीख उनी का? नवल रोज विचारस. आणि मी म्हटलं नही उनी अजून, आणि मांडीवर ती भूपेशची रॅकेट —

काय?

काय म्हणालो मी? नाही, ते — ते आधीचं. आमशादादा दोनदा आला होता. पहिल्यांदा तारीख आली नव्हती, दुसऱ्यांदा मी चिठ्ठी — थांब, तार सुटली. तुझ्यामुळं सुटली. बघ, आता ही आडवी सगळी काढावी लागणार. मला असं बघू नको. नर्सबाई झालीस म्हणून काय, सगळ्यांना सुई टोचल्यासारखं बघायचं?

एकदाच आला होता.

एकदाच, बेटा. दुसऱ्यांदा कशाला येईल? माणसं मिळाली, ट्रक भरला, गेला. तारखेचं पत्र तेव्हा माझ्या खिशात होतं, दोन दिवस आधी आलेलं. चिठ्ठी-बिठ्ठी काही नाही. लिहिलीच नव्हती मी चिठ्ठी. तुमच्या घरात पंचवीस वर्षं जिच्यावरून भांडण चाललंय ना, ती चिठ्ठी कधी कुणी लिहिलेलीच नाही.

 शिवी दे. तुमच्या बोलीत दे, मला समजते, नवलनं सगळ्या शिकवल्यात.

खोटं बोलायचं असं ठरवलं नव्हतं गं मी. ऊस संपला, नवल आला, त्या दारात उभा राहिला. काळा पडलेला, हाताला पाचटानं कापलेलं. म्हणाला, निवड झाली म्हणे? मी काही ठरवलं नव्हतं, तोंडातून निघून गेलं — अरे, मी तर चिठ्ठी दिली होती आमशादादाकडं! मला वाटलं दोन दिवस भांडतील, भाऊ-भाऊ, तिसऱ्या दिवशी एका ताटात जेवतील. आमशादादा सांगत होता त्याला, मी विचारलं होतं, दाऊदच नाही म्हणाला. शपथ घेतली त्यानं. आणि नवलनं कुणाचं खरं मानलं? माझं. सख्ख्या भावाला टाकून माझं. आणि आणखी सांगू का, आता सांगतोच आहे तर — तेव्हा मला बरं वाटलं. आपल्यावर एवढा विश्वास! छाती फुगली माझी. इतका नालायक माणूस मी, आणि तू माझ्याकडं शिफारस घ्यायला आलीस.

आमशादादा नंतर एकदा आला, पुढच्या साली, होळीआधीच्या भोंगऱ्याच्या बाजाराला. बायको-पोरं बाहेर उभी केली, आत आला. भांडला नाही. म्हणाला, दाऊद, तू एकदा त्याच्यासमोर सांग, बस, मग मी तुझं नाव काढणार नाही. मी म्हटलं, दादा, मी काय सांगू, तुमच्या घरातलं भांडण.  त्यानं फेट्याचं टोक सारखं केलं आणि गेला. त्यानंतर हे दुकान त्यानं टाळलं. बाजारात आला तर समोरच्या बाजूनं जातो. मला दिसतो इथून. दर वेळी दिसतो.

नाही, नवलला ठाऊक नाही. कसं ठाऊक असणार? पंचवीस वर्षं दर रविवारी तो पहाटे जीपनं खाली उतरतो, माझ्याबरोबर खेळतो, माझ्या घरी जेवतो, संध्याकाळी वर जातो. शाळेत मास्तर झाला, हेडमास्तर झाला, रविवार चुकला नाही. माझे अब्बा गेले तेव्हा माझ्याआधी खांदा द्यायला तो उभा. माझं दुसरं कोण आहे? मला सांग ना, कोण आहे? हे त्याला सांगितलं तर रविवारी मी तिथं भिंतीशी खेळू? मी नीच आहे, ते झालं, पण एकटा नीच व्हायची माझी हिंमत नाही.

थांब, उठू नको. माझ्याकडं उपाय आहे. ऐक तर. मी आज संध्याकाळीच नवलला सांगतो — आमशादादा म्हातारा झाला, गुडघे गेले, किती दिवस धरून ठेवशील, पोरीचं लग्न आहे, माफ करून टाक त्याला. माझं ऐकेल तो. बोलवेल. तुझं काम झालं, लग्नात दोघं भाऊ, फोटो, सगळं. हां? चांगलं आहे ना? सगळ्यांचं —

माफ कशाबद्दल? म्हणजे —

हां.

ते बरोबर आहे तुझं. त्यानं काय केलंय. आणि तो येणारही नाही तसा. माफी घेऊन येणारा असता तर त्याच वर्षी आला असता. तुमच्या घरात सगळे एकसारखे ताठ, तुझ्यासकट. मग काय करू मी? मी सांगेन, लग्नानंतर सांगेन. आता ऐन लग्नात कशाला हे वरातीमागून घोडं? आणखी आठवडाभर थांबली गोष्ट तर — हो, पंचवीस वर्षं थांबली, माहीत आहे, मोजता येतं मला. लग्नात थोरला भाऊ नाही तर समाजाचे पंच विचारतील, तेही माहीत आहे. बोलणीला नव्हता तेव्हाच विचारलं असेल त्यांनी. आणि नवलनं मान खाली घालून सांगितलं असेल काहीतरी. माझ्यापायी.

काय करी ऱ्हायनी तू? फोन कुणाला लावलास? रविना. रविना, ठेव तो. हे बघ, मी तुझ्या बापाच्या ठिकाणी — काट म्हणतो ना! मोठ्या आवाजावर नको टाकू, बाजारात ऐकू जाईल —

हॅलो. हां, नवल. मीच, दाऊद. हां, रविना इथंच शे, पोचली बरोबर. नाही, झालं नाही अजून गटिंग, तार सुटली मधे... बावीस, बावीस, विसरेन का मी... जेवलास? ...हां. हां, उद्याच्या खेळाचं काय, उद्या — थांब. थांब नवल. तू मधे बोलू नको, मधे बोललास तर माझ्याच्यानं होणार नाही. ऐक. त्या साली, नंदुरबारची निवड. आमशादादा आला होता दुकानात. त्यानं तारीख विचारली होती. तारीख माझ्याकडं होती, मी नाही म्हणून सांगितलं. चिठ्ठी मी दिली नाही. लिहिलीच नाही. दादा तुला बोलला ते खरं होतं. भूपेशबरोबर खेळायचं होतं मला, म्हणून. बस. तेवढंच.

नवल?

नवल, ऐकलंस का?

कट झाला का गं हा? बघ. नाही, आकडे पळताहेत. चालू शे. म्हणजे तिकडं धरून बसलाय तो.

तू जा बेटा. फोन राहू दे इथं, नंतर ने. रॅकेट पण राहू दे. जीप सुटेल तुझी, जा. जा म्हटलं ना.